परिशिष्ट ‘अ’मधला बैल

“बैल मेला, मॅडम,” मी म्हणालो.

कुंभोजकर मॅडमनी पेन खाली ठेवलं. आमच्या तालुक्याच्या दिवाणी कोर्टात त्या नव्या न्यायाधीश होत्या. कोल्हापूरकडच्या. प्रत्येक शब्द आपल्याच पगारातून कापला जाणार असल्यासारखं मोजकं बोलायच्या.

“कधी?”

“निकाल लागला त्याच आठवड्यात.”

“निकालाच्या दिवशी?”

“जिवंत होता.”

“तब्येत?”

“वयोमानाप्रमाणे.”

“म्हणजे त्या दिवशी मी दिलेला निकाल बरोबर होता.”

“एकदम बरोबर, मॅडम.”

“मग तुम्ही पुनर्विलोकन कशाचं मागताय?”

हा प्रश्न मलाही सकाळपासून पडला होता. माझा काळा कोट तेव्हा इतका नवा होता, की हात वर केला की बाही खाली यायला कुरकुर करायची. जिंकलेला दावा घेऊन त्याच न्यायाधीशांपुढे उभं राहायचं आणि ‘तुम्ही आम्हाला जिंकवताना चुकलात’ असं म्हणायचं, हे काम कोणत्याही वकिलाला जड गेलं असतं. मला गेलं नाही, कारण आधी कसलंच काम केलेलं नसल्यामुळे जड कुठलं आणि हलकं कुठलं हे ठाऊक नव्हतं.

खरं तर दावा माझ्या सीनियरांचा, पांढरीपांडे साहेबांचा. साहेब नागपुरात मोतीबिंदू काढून घेत होते. त्यांनी सबंध आयुष्यात जमिनीच्या दाव्यांशिवाय दुसरं काही केलं नव्हतं. धुरा म्हणजे शेताचा बांध, विहीर, वहिवाट, संपलं. अशा माणसाकडे हिवरधरा गावचे शेषराव ढोके पोळ्याच्या मानाचं भांडण घेऊन गेले.

आमच्या विदर्भात पोळ्याला गावाबाहेर आखरावर, म्हणजे जिथं गावची गुरं जमतात त्या मैदानावर, आंब्याच्या पानांचं तोरण बांधतात. सगळ्या गावचे बैल सजूनधजून तोरणाच्या अलीकडे उभे राहतात. मानाचा बैल तोरणाखालून गेला की पोळा फुटला. मग बाकीचे सुटतात आणि घरोघरी पूजेला जातात. तोवर कोणी हलायचं नाही. हिवरधऱ्यात हा मान शेषरावांच्या घरचा. त्यांचे चुलतभाऊ वामनराव म्हणत, की तो आमच्या घरचा. आणि त्या गावची आणखी एक रीत होती: ज्या घराचा मान एका पोळ्याला चुकला, त्या घराचा तो कायमचा गेला.

साहेबांनी दावा जमिनीच्या दाव्यासारखाच लिहिला. जमिनीच्या दाव्यात शेवटी परिशिष्ट असतं आणि त्यात मिळकतीचं वर्णन. ते वर्णन ढिलं राहिलं की जिंकलेलं शेतही हातातून निसटतं, हे साहेब झोपेतही सांगायचे. म्हणून त्यांनी परिशिष्ट ‘अ’मध्ये बैलाचं वर्णन केलं. नाव राजा. रंग पांढरा. डावं शिंग पुढं झुकलेलं. उजव्या कानाला खाच. शेपटीला गोंडा नाही, तो वासरू असताना कोल्ह्यानं तोडला. चतुःसीमाही लिहिल्या होत्या. टायपिस्टनं विचारलं, “साहेब, बैल वळला तर?” तेव्हा त्या खोडल्या.

दावा चालला तसा चालला. तात्पुरत्या मनाईवर दर पोळ्याला राजाच पहिला जात राहिला. तो तरुणाचा म्हातारा झाला. शेषराव गेले. त्यांच्या जागी त्यांच्या बायकोचं, बेबीनंदाकाकूंचं नाव दाव्यात लागलं. त्यासरशी वामनरावांनी नवीन मुद्दा काढला: बाईच्या हाती मानाचा कासरा ही रीत नाही. त्यावर कुंभोजकर मॅडमनी आल्या आल्या निकाल दिला. मान बैलाचा आहे. कासरा कोणाच्या हाती असावा हा मुद्दा दाव्यात नाही, सबब त्यावर मत नाही. वामनराव आणि समस्त गावकऱ्यांना कायमचा मनाई हुकूम: परिशिष्ट ‘अ’मधील बैल तोरणाखालून जाण्यापूर्वी अन्य कोणताही बैल नेऊ नये.

काकूंनी कोर्टाच्या व्हरांड्यात साखर वाटली. यंदा त्या स्वतः राजाला नेणार होत्या. आठवड्याभरात राजा गोठ्यात बसला तो उठला नाही.

हे सगळं मॅडमना माहीत होतं. मी फक्त एवढंच मागत होतो, की हुकुमात ‘परिशिष्ट अ मधील बैल’ खोडून ‘वादीच्या घरचा बैल’ असं करावं. काकूंच्या गोठ्यात पवन्या नावाचा दुसरा एक तरणा बैल होता. बस, एका बैलाचा फरक.

“टायपिंगची चूक आहे का?” मॅडमनी विचारलं.

“नाही, मॅडम.”

“वर्णन चुकलंय?”

“नाही. फार अचूक आहे. तोच त्रास आहे.”

मागच्या बाकावर कुणीतरी खोकल्यात हसू लपवलं. मला हुरूप आला.

“मॅडम, नवीन पुरावा पुढे आला तर निकाल परत बघता येतो. बैलाचा मृत्यू हा नवीन पुरावा आहे. पशुवैद्यांचा दाखला जोडलाय.”

“नवा पुरावा म्हणजे निकालाच्या वेळी जो होता, पण शोधूनही मिळाला नव्हता तो. त्या दिवशी बैलाचा मृत्यू कुठं शोधायला हवा होता?”

मी विचार केला. “कुठंच नाही, मॅडम.”

“मग?”

आता साहेबांनी फोनवरून दिलेलं शेवटचं अस्त्र काढणं भाग होतं. मी घसा साफ केला. “पर्यायी विनंती अशी, की मयत राजाचे वारस रेकॉर्डवर घेण्याची परवानगी मिळावी.”

मॅडमनी माझ्याकडे बराच वेळ बघितलं.

“वारस आहेत?”

मी वळून काकूंकडे पाहिलं. काकूंनी पदराआडून मान हलवली आणि हळू आवाजात काही सांगितलं. मी परत फिरलो.

“नाहीत, मॅडम. बैल होता. वळू नव्हता.”

शिरस्तेदार उठून पाणी प्यायला गेले ते बराच वेळ आले नाहीत.

मॅडम मात्र हसल्या नाहीत. त्यांनी निकालाची प्रत उघडली, शेवटचं पान परत वाचलं आणि ती माझ्याकडे फिरवली, जणू मीच तो तपासायचा होता.

“खरं सांगू? आज लिहायला बसले असते तर मीसुद्धा ‘घरचा बैल’ असंच लिहिलं असतं. तुम्ही म्हणता ते मला पटतं.”

“मग, मॅडम—”

“पटणं वेगळं. माझी चूक मला दिसावी म्हणून कायद्यानं मला आरसा दिलाय, भिंग नाही. आरशात दिसली तर पुसते. ती शोधायला इतका वेळ युक्तिवाद लागत असेल, तर तिला अपिलातच जायला हवं. आणि तुमच्या बाबतीत तर चूकही नाही. तुम्ही राजा मागितलात, मी राजा दिला.”

“अपील जिल्ह्याला, मॅडम. तिथं नंबर लागेपर्यंत… पोळा येत्या अमावास्येला आहे.”

“अमावास्या पुढे ढकलायचा अधिकारही मला नाही.” त्यांनी पेन उचललं. “सही होईपर्यंत निकाल माझा होता. सही झाली, तो तुमचा झाला. आज तुमचं म्हणणं पटलं म्हणून मी त्याला हात लावला, तर उद्या वामनराव येतील. परवा परत तुम्ही. मग या खोलीत निकाल लागायचा कधी? अर्ज नामंजूर.”

बाहेर व्हरांड्यात वामनराव ढोके आमची वाटच बघत होते. उंच माणूस, पांढरं धोतर, मिशीला तेल. शेजारी त्यांचे वकील चिंचोळकर साहेब पानाला चुना लावत उभे.

“वयनी,” वामनराव म्हणाले, “आता कसं करता? मानसाचे वारस राह्यते, बैलाचे कोनं आनाचे?”

“हसा जी,” काकू म्हणाल्या. त्या बुटक्या, काळ्यासावळ्या, आणि आवाज मात्र आखराच्या या टोकाहून त्या टोकाला जाणारा. “दात हायेत तवर हसून घ्या.”

“मी काय म्हनतो, रागानं नोका घेऊ. तुमचा पवन्या आना. मान तुमच्याच घरचा राहू द्या. कासरा मी धरतो.”

“बैल माहा अन् हात तुमचे?”

“रीत हाय ते.”

“ते असते तर हे बोलले असते तुमी? तेच्या तोंडावर?”

वामनरावांनी मिशीवरून हात फिरवला. “ते असते तर कासरा तेच्याच हाती असता नं, वयनी.”

काकूंनी माझ्याकडे पाहिलं. वकिलाकडे पाहतात तसं नाही. शेळी विकत घेतल्यावर तिचा पाय लंगडा निघाला, की तिच्याकडे बघतात तसं.

“नाई,” त्या म्हणाल्या. “राजाच जाईन.”

“राजा मेला, वयनी!”

“कोर्टात नाई मेला. आत्ताच म्हने ना त्या म्याडम, आमी नाई घेत तेचं मरन. बाबू, असंच म्हनल्या नं?”

“जवळजवळ,” मी म्हणालो.

“बरं,” वामनराव म्हणाले. “तुमचा राजा येईन तवा येईन. माहा सोन्या तवरोक पोया फोडून घरी जाऊन पुरनपोयी खाईन.”

अपमानानं माझे कान तापले होते. रिकामे हात नको म्हणून मी निकालाची प्रत उघडली आणि शेवटचा परिच्छेद मोठ्यानं वाचला. खरंच, त्यात काही डाव नव्हता. तोंड चालू ठेवायचं होतं, एवढंच.

“‘परिशिष्ट अ मधील बैल तोरणाखालून जाण्यापूर्वी अन्य कोणताही बैल नेऊ नये.’ कोणताही. वामनराव, सोन्या बैलच आहे नं?”

चिंचोळकर साहेबांचं चुन्याचं बोट पानावरच थांबलं.

“द्या इकडं,” ते म्हणाले. त्यांनी वाचलं. चष्मा पुसून परत वाचलं. “समस्त गावकरी,” ते पुटपुटले. “कायमचा. अरे देवा.”

“काय झालं, साहेब?”

“वामनराव, तुमचा बैल जाऊ शकत नाही.”

“म्हंजे पवन्या जाईन?”

“पवन्याही नाही. कोणाचाच नाही. राजा जाईपर्यंत हिवरधऱ्यात पोळा फुटत नाही. कधीच.”

“अन् नेला तर?”

“हुकूम मोडला म्हणून दिवाणी तुरुंग. आधी तुम्हाला. मग, फारच बैल गेले, तर गावाला.”

काकूंनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. शेळीचा पाय तेवढाही वाईट नव्हता.

दोन दिवसांनी चिंचोळकर साहेब त्याच कोर्टात उभे राहिले. त्याच निकालाचं पुनर्विलोकन मागायला. मी या बाजूनं ते नामंजूर व्हावं म्हणून उभा. परवा मी जे मागत होतो तेच आज ते मागत होते, आणि मी त्याला विरोध करत होतो. आदल्या रात्री लागली एवढी शांत झोप मला कित्येक महिन्यांत लागली नव्हती.

“निकालाचा परिणाम विपरीत होतोय, मॅडम,” चिंचोळकर साहेब म्हणाले. “एका मेलेल्या बैलासाठी सगळं गाव आखरावर उभं राहणार. हास्यास्पद आहे.”

“निकाल हास्यास्पद असणं हा पुनर्विलोकनाचा आधार नाही,” मॅडम म्हणाल्या. “तसा असता तर मला दुसरं काम उरलं नसतं.”

“मॅडम, आमच्या अशिलानं आपल्या बैलाचं नाव राजा ठेवलंय.”

“केव्हा?”

“काल.”

“शिंग?”

“पुढं झुकलेलं नाही.”

“कान?”

“खाच नाही. पण मारता येईल.”

“शेपूट?”

चिंचोळकर साहेबांनी कागद चाळले. त्यांच्या मागं वामनराव सोन्याच्या शेपटीचा विचार करत असावेत, कारण त्यांचा चेहरा पडला.

“खबरदार,” मॅडम म्हणाल्या. “त्या बैलाच्या अंगाला कात्री लागली तर मी पोलिसांना कळवीन. नव्या वकीलसाहेबांचं काय म्हणणं?”

मी उभा राहिलो. “मॅडम, परवा आपण माझ्या अर्जावर दिलेला हुकूम मी माझा युक्तिवाद म्हणून स्वीकारतो.”

या वेळी त्यांच्या ओठाचा एक कोपरा हलला असं मला वाटलं. रेकॉर्डवर तो आला नाही.

“अर्ज नामंजूर. परवा त्यांना जे सांगितलं तेच तुम्हाला.” मग त्यांनी दोन्ही बाजूंकडे पाहिलं. “एक गोष्ट दोघंही ऐका. माझा निकाल मला बदलता येत नाही. पण ज्यांच्यासाठी तो लिहिला, ते आपसात तो पुरा झाला असं मानून इथं येऊन लिहून देऊ शकतात. त्याला माझी परवानगी लागत नाही. मला जे करता येत नाही ते तुम्हाला येतं. तर करा.”

त्यांनी केलं नाही. अमावास्येपर्यंत कितीतरी निरोप आले-गेले. वामनराव म्हणत, पवन्या आना, कासरा मी धरतो. काकू म्हणत, राजा जाईन, कासरा मी धरतो. गावचे चार लोक माझ्याकडे आले आणि म्हणाले, वकीलसाहेब, बाईले समजावा. मी समजवायला गेलो. काकूंनी मला भाकर-ठेचा वाढला आणि माझं सगळं बोलणं ऐकून घेतलं.

“बाबू,” त्या म्हणाल्या, “गेल्या पोयाले ते खाटेवर व्हते. चालवत नव्हतं. मी म्हनलं, मी नेतो बैल. तर म्हने, लोक काय म्हनतीन. मंग धाप टाकत टाकत गेले. तोरनाखालून राजानंच तेईले ओढत नेलं. महिन्यात सपले. आता तू मले सांग, लोक अजून काय म्हनाचे राह्यले?”

मी आणखी एक भाकर घेतली. समजवणं संपलं होतं.

पोळ्याच्या दिवशी दुपार कलायच्या आधीच मी हिवरधऱ्यात पोचलो. चिंचोळकर साहेबही आले होते, स्कूटरवरून, कोटासकट. आखरावर सगळे बैल लागले होते. शिंगांना बेगड, पाठीवर झुली, गळ्यात घुंगरमाळा. सगळ्यांत पुढं वामनरावांचा सोन्या, आणि त्याच्यापुढं तोरण. तोरणाच्या बाजूला पोलीस ठाण्यातून आलेला जमादार हुकुमाची प्रत हातात धरून, अगदी देवळात आल्यासारखा उभा.

झडत्या सुरू झाल्या. पोळ्याला म्हणायची टोमण्यांची गाणी. पहिली वरुणराजावर झाली, दुसरी सरपंचावर, मग कुणीतरी घसा ताणून आमच्यावरच काढली:

“काया कोट घालून वकील आला,
पोथी उघडून बैल पाह्यला,
बैल गेला सरगात चरायले,
वामनराव राह्यले शेपूट धरायले!
हर बोला, हर हर महादेव!”

वामनरावांनी कासरा आवळला. सोन्यानं पुढं एक पाय टाकला. जमादारानं प्रत वर केली. सोन्यानं पाय मागं घेतला. त्याला वाचता येत असल्यासारखं.

झडत्या संपल्या. परत पहिल्यापासून म्हणून झाल्या. ऊन उतरायला लागलं. बैल हंबरायला लागले. मागच्या रांगेत दोन जोड्यांची शिंगाशिंगी झाली. घराघरांत बायका ओवाळायची ताटं घेऊन दारात खोळंबल्या होत्या. कुणीतरी ओरडलं, “वामनराव, आखरावरच वस्ती कराची का?” दुसरा म्हणाला, “कोर्टाले सांगा, चारा पाठवा म्हना!”

तेवढ्यात गर्दी बाजूला सरली. काकू आल्या.

नऊवारी नेसलेल्या, कपाळावर फक्त बुक्का. एका हातात कासरा. कासरा नवा, लाल-पिवळ्या गोंड्यांचा, आणि तो हातभर मागं जाऊन संपत होता. त्याच्या टोकाला काही नव्हतं.

काकू सरळ तोरणापाशी आल्या. सोन्याच्या पुढं उभ्या राहिल्या.

“राजा आनला,” त्या म्हणाल्या.

कुणी हसलं नाही. हसायचं की नाही, हे ठरवायला लोक माझ्याकडे बघत होते. वामनरावही.

“वकीलसाहेब, हे चालते का?”

अशा वेळी माणसानं खरं तर विचार करायला हवा. मी प्रत उघडली. “हुकुमात राजा तोरणाखालून गेला पाहिजे, एवढंच लिहिलंय. तो दिसला पाहिजे, असं कुठं लिहिलेलं नाही.”

“चिंचोळकर साहेब?”

चिंचोळकर साहेबांनी जमादाराच्या हातातली प्रत घेतली आणि ती पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचली. आखरावर फक्त घुंगरांचा आवाज.

“नाही लिहिलेलं,” ते म्हणाले. मग थोडं थांबून, अगदी कामापुरत्या आवाजात, “वामनराव, तुमची हरकत असेल तर आत्ता सांगा. हरकत घेतलीत तर सगळे इथंच. घेतली नाहीत तर बैल गेला.”

वामनरावांनी मागं पाहिलं. सगळं गाव, सगळे बैल, बापाच्या खांद्यावर झोपलेली पोरं. त्यांनी पुढं पाहिलं. त्यांच्या वहिनीच्या हातातला रिकामा कासरा.

“कासरा बाईच्या हाती हाय,” ते म्हणाले.

“हाय,” काकू म्हणाल्या. “मंग?”

वामनराव गप्प राहिले. ते गप्प राहणं म्हणजे हरकत आहे की नाही, हे कोणत्याही कायद्यात लिहिलेलं नाही. काकूंनी आपल्यापुरतं ठरवलं आणि त्या वळल्या.

दोन पावलं गेल्या. अगदी तोरणाखाली येऊन थांबल्या. कासरा ताणलेला, हात मागं. त्यांनी ओढला. परत ओढला. “चाल नं रे,” त्या म्हणाल्या, आणि तो आखराच्या या टोकाहून त्या टोकाला जाणारा आवाज आता माझ्यापर्यंतही नीट आला नाही. त्या तिथंच उभ्या राहिल्या. पाठ आमच्याकडे. पाठ हलत होती.

सगळं गाव एका मेलेल्या बैलानं पाऊल उचलायची वाट बघत होतं. आयुष्यात पहिल्यांदाच माझ्याकडे विनोद नव्हता.

वामनरावांनी सोन्याचा कासरा जमादाराच्या हातात दिला. ते पुढं आले, तोरणाच्या अलीकडेच थांबले.

“वयनी,” ते हळूच म्हणाले. “ओढू नोका. ओढलं का अडते तो. डाव्या पुठ्ठ्यावर थाप द्या. तसाच चालते.”

राजाला वासरू असताना चालायला वामनरावांनीच शिकवलं होतं, घराच्या वाटण्या व्हायच्या आधी. हे मला कुणीतरी नंतर सांगितलं.

काकूंनी डोळे पुसले. मागं वळून हात लांब केला आणि हवेत, साधारण बैलाच्या पुठ्ठ्याच्या उंचीवर, थाप दिली. एक. थांबून आणखी एक. मग कासरा सैल सोडून त्या तोरणाखालून चालत गेल्या. पलीकडं पोचल्या.

“फुटला!” कुणीतरी ओरडलं, आणि मग सगळेच ओरडले. सोन्या जमादाराला घेऊनच सुटला.

पुढच्या सोमवारी आम्ही चौघं कोर्टात उभे होतो. हुकुमाची पूर्तता झाली, आता वादीची काही तक्रार नाही, असं मी लिहून दिलेलं. खाली काकूंची सही.

कुंभोजकर मॅडमनी ते वाचलं. परत वाचलं. त्यांच्या टेबलावरच्या फायलीत पशुवैद्यांचा दाखला होता, आणि तो मीच जोडला होता.

“परिशिष्ट ‘अ’मधला बैल,” त्या म्हणाल्या, “पोळ्याच्या दिवशी तोरणाखालून पहिला गेला. असं वादीचं म्हणणं आहे.”

“हो, मॅडम.”

“हा बैल परत तपासायचा अधिकार मला नाही.” मग त्यांनी पेनचं टोपण काढलं. “प्रतिवादी, तुम्हाला मान्य आहे? बैल गेला?”

वामनराव साक्षीदाराच्या पिंजऱ्यात नव्हते, तरी त्यांनी हात जोडले.

“गेला, साहेब,” ते म्हणाले. “जरा अडला व्हता तोरनाखाली. मंग गेला.”